टेपाच्या वाडीला काहीच नाही

कृष्णकांत टिपणीस मुलगी बघायला गेले तेव्हा मुलीच्या मामांनी पोह्यांची बशी पुढे करत सांगितलं, "आमची पद्मजा म्हणजे अगदी सुगरण." अशा वेळी मुलाने मान डोलवायची असते. टिपणिसांनी बशी हातात घेतली आणि शांतपणे विचारलं, "कशावरून?"

मामांचा चेहरा पडला. टिपणिसांच्या वडिलांनी टेबलाखालून मुलाचा पाय शोधायला सुरुवात केली. तेवढ्यात दाराआडून मुलीचाच आवाज आला, "एका बशीवरून नाही ठरायचं ते. अजून दोनतीनदा यावं लागेल." टिपणिसांना त्यांच्या प्रश्नाचं सरळ उत्तर आयुष्यात पहिल्यांदाच मिळालं होतं. लग्न त्याच आठवड्यात ठरलं.

पुढे पनवेलच्या लाइन आळीत त्यांनी संसार थाटला. टिपणीस तळोज्याच्या एका केमिकल कारखान्यात प्रयोगशाळेत होते. काम एकच. माल ड्रममधून बाहेर जाण्यापूर्वी त्यातलं सॅम्पल काढायचं, तपासायचं आणि पास की रिजेक्ट ते लिहायचं. प्रॉडक्शनवाले येऊन सांगत, "टिपणीस, आजची बॅच फर्स्ट क्लास आहे," आणि टिपणीस त्यांना ते नेहमीचं विचारत. एका दसऱ्याला मॅनेजरसाहेबांनी ज्या ड्रमची हार घालून पूजा केली, नेमका तोच त्यांनी रिजेक्ट केला. तो हारासकट परत गेला. ड्रम चढवणारे कामगार त्यांना पाठीमागे 'कशावरूनसाहेब' म्हणत. टिपणिसांना ते माहीत होतं आणि त्यात नाव ठेवण्यासारखं काय आहे, हे त्यांना कळत नसे.

एक्याण्णव साली ते रिटायर झाले आणि घरात बसले. खरा त्रास इथे सुरू झाला. पद्मजाबाईंनी बिरड्यासाठी वाल भिजत घातले की टिपणीस त्यांचे दोन भाग करत. एक भाग फडक्यात बांधून, दुसरा नुसता उघडा. कोणता लवकर मोडावतो ते त्यांना बघायचं असे. एका रविवारी पाहुणे जेवायला बसले आणि टिपणिसांनी स्वयंपाकघरात येऊन सांगितलं की बुधवारपर्यंत वालाला हात लावता येणार नाही.

पद्मजाबाईंनी पाहुण्यांना बटाट्याची भाजी वाढली. सोमवारी सकाळी त्यांनी नवऱ्याला इस्त्रीचा शर्ट घालायला लावला आणि टपाल नाक्याजवळच्या किराणा दुकानावरच्या माडीवर नेऊन अरुंधतीबाईंच्या स्वाधीन केलं.

"हे माझे मिस्टर. यांना काहीतरी काम द्या," त्या म्हणाल्या. "डोंगरावरचं असलं तर उत्तम."

अरुंधतीबाई 'ओंजळ सेवा मंडळ' चालवत. पूर्वी त्या शाळेत संगीत शिकवायच्या. बाई मनाने मोठी, गळ्याने त्याहून मोठी. डोंगरपट्ट्यातल्या ठाकर आदिवासींच्या वाड्यांवर मुलांना वेळेवर लस टोचली जात नाही आणि गोवराची साथ आली की घरंच्या घरं आजारी पडतात, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलं होतं. म्हणून चार वर्षं त्या वाडीवाडीवर जाऊन लसीकरणाची गाणी म्हणत होत्या. गाणी त्यांचीच, चाली त्यांच्याच. पेटीवर विठू असे. तो दिवसभर सायकलींची पंक्चरं काढी आणि पेटी अशी वाजवी की अरुंधतीबाईंना पट्टी सापडेपर्यंत तो निम्मं गाणं पुढे गेलेला असे.

टिपणीस पहिल्याच मीटिंगला वेळेआधी जाऊन बसले. अरुंधतीबाईंनी वार्षिक अहवाल वाचायला घेतला. "डोंगरपट्ट्यातील मातांमध्ये लसीकरणाविषयी यंदा प्रचंड जागृती झाली."

"कशावरून?" टिपणिसांनी विचारलं.

बाई थांबल्या. "म्हणजे?"

"प्रचंड कशावरून म्हणता?"

"टिपणीस, आम्ही गात होतो तेव्हा त्या बायकांचे चेहरे तुम्ही बघायला हवे होते."

"चेहऱ्यांचं ठीक आहे. पण मुलं आली का टोचायला?"

उपकेंद्रातल्या शांती सिस्टर कोपऱ्यात बसल्या होत्या. महिन्यातून एकदा डोंगराच्या पायथ्याच्या शाळेत त्या लसीचा थंड डबा घेऊन बसत. आजूबाजूच्या सगळ्या वाड्यांनी मुलं घेऊन तिथे उतरायचं, अशी सोय होती. सगळ्यांनी त्यांच्याकडे पाहिलं.

"आलं होतं की गेल्या महिन्यात एक," सिस्टर म्हणाल्या. "त्याचं डोकं फुटलं होतं. पट्टी करायला आणलं होतं."

खाली दुकानात कोणीतरी साबुदाण्याचा भाव विचारत होतं, तेवढं ऐकू आलं.

टिपणिसांना वाटलं, आपण आता उपाय सुचवायला हवा. ते म्हणाले, "गाणी ऐकताना बरी वाटतात, पण लक्षात राहत नाहीत. मला विचाराल तर चित्र पाहिजे. दारासमोर लावलेलं चित्र माणूस रोज बघतो. चित्राने फरक पडेल."

अरुंधतीबाईंनी चष्मा काढला, पुसला, परत लावला आणि अगदी गोड आवाजात विचारलं, "कशावरून?"

हा प्रश्न आजवर टिपणिसांना कोणी विचारला नव्हता. दुसरा माणूस रागावला असता. टिपणीस खुर्चीत पुढे सरकले. त्यांचे कान लाल झाले होते, पण ते आनंदाने. "बरोबर आहे. माझ्याकडेही पुरावा नाही. मग आपण टेस्ट करू."

त्यांनी तिथल्या तिथे बेत मांडला. तीन वाड्या घ्यायच्या. घरं साधारण सारखी, शाळा साधारण तेवढीच लांब. आंबेवाडी, खैराची वाडी आणि टेपाची वाडी. एकीला गाणी, एकीला चित्रं आणि तिसरीला काहीच नाही. कोणाला काय ते चिठ्ठ्या टाकून ठरवायचं, म्हणजे कोणाच्या मनासारखं होणार नाही. दिवाळीनंतर वाड्या वीटभट्ट्यांवर जातात, म्हणून त्याआधीच्या शेवटच्या लसीकरणाला कुठून किती मुलं येतात ते बघायचं.

"काहीच नाही म्हणजे?" अरुंधतीबाईंनी विचारलं.

"म्हणजे काहीच नाही. नाहीतर गाण्यामुळे मुलं आली की आपली आपणच आली, ते कळणार कसं?"

"टिपणीस, हे सेवा मंडळ आहे. काहीच न करण्यासाठी कोणी सेवा मंडळ काढत नाही."

"काढतात पुष्कळ जण," शांती सिस्टर हळूच म्हणाल्या.

शेवटी चिठ्ठ्या पडल्या. सिस्टरांनी स्टीलच्या वाटीतून त्या एकेक करून काढल्या. आंबेवाडीला गाणी, खैराच्या वाडीला चित्रं. टेपाच्या वाडीला काहीच नाही.

एखाद्यावर प्रयोग करायचा आणि त्याला सांगायचं नाही, हे टिपणिसांना पटेना. म्हणून पुढच्या शनिवारी एस.टी.ने पायथ्याशी उतरून, छत्री टेकत, दोनदा घसरून ते टेपाच्या वाडीवर पोचले. भाताची बेणणी उरकून माणसं घरी होती. वाडीतली पुढारीण म्हणजे रंभा. ती काकड्या आणि शिराळी घेऊन पनवेलच्या बाजाराला उतरायची आणि शहरातल्या बायकांशी भाव करून करून तिची जीभ चांगली धारदार झाली होती. तिने टिपणिसांना पडवीत बसवलं. बाकीच्या बायका गोळा झाल्या.

टिपणिसांनी कोणाला काय मिळणार ते नीट समजावून सांगितलं.

"आंबेवाडीला गानी," रंभा म्हणाली.

"हो."

"खैरवाडीला चित्रा."

"बरोबर."

"आन् आमाला?"

"तुम्हाला काहीच नाही."

रंभाने त्यांच्या चिखलाने भरलेल्या बुटांकडे पाहिलं. "येवढंच सांगाया तुमी डोंगर चढून आलाव?"

"सांगायला हवं होतं."

"आमी काय वाकडं केलंय कोनाचं?"

"तसं नाही हो. चिठ्ठी निघाली तुमच्या नावाची. खरं म्हणजे रंभाताई, तुम्हाला काही न मिळणं फार महत्त्वाचं आहे. त्याच्यावरच बाकीचं सगळं अवलंबून आहे."

रंभाने यावर जरा विचार केला. "असं आमाला लय जनांनी सांगितलंय," ती म्हणाली. "पर घरी येऊन सांगनारा तुमीच पयला. बसा. चा घ्या."

टिपणीस बसले. कोरा चहा आला. तो त्यांनी घेतला, कारण चहात लसीकरणाची माहिती नव्हती.

आंबेवाडीत अरुंधतीबाईंनी नवं गाणं बसवलं. चाल ठेक्याची होती, शब्द सोपे.

सुई बाई सुई, चांदीची सुई,
बाळाच्या दंडाला मुंगी चावून जाई.

बाई पनवेलच्या होत्या. त्यांच्या डोळ्यासमोरची मुंगी म्हणजे साखरेच्या डब्यावर फिरणारी, फुंकर मारली की उडून जाणारी. आंबेवाडीच्या पोरांची मुंगी वेगळी होती. ती रानातल्या झाडावर पानांचा गोळा करून राहणारी तांबडी मुंगी. ती एकदा अंगावर चढली की माणूस कपडे टाकून ओढ्यात उडी मारतो. गाणं पोरांना लगेच पाठ झालं. त्यांनी ते एकमेकांना भेडसावण्यासाठी वापरायला सुरुवात केली. आया जेवत नसलेल्या पोराला म्हणू लागल्या, "गप जेव, नायतर पेटीवाली बाय येल." वाडीत गाणं घुमतंय हे बघून अरुंधतीबाईंचे डोळे भरून येत.

इकडे टिपणिसांनी खैराच्या वाडीसाठी चित्र काढलं. स्वतःच काढलं, कारण दुसऱ्याने काढलेल्या चित्राची खात्री देता येत नाही. पांढऱ्या साडीतली सिस्टर, हातात इंजेक्शन, समोर हसणारं बाळ.

"हा बगळा आहे का?" पद्मजाबाईंनी विचारलं.

"सिस्टर आहेत."

"आणि तिच्या हातात पिचकारी कशाला?"

"इंजेक्शन आहे ते. मोठं काढलंय, लांबून दिसावं म्हणून."

पद्मजाबाईंना वाटलं, टेस्ट आहे, तर होऊन जाऊ दे. टिपणिसांनी ते चित्र पुष्कळ कागदांवर उतरवलं आणि खैराच्या वाडीत घरोघरी नेऊन दिलं. कागद चांगला जाड होता. लोकांनी तो मनापासून घेतला आणि कुडाच्या भिंतीला जिथे जिथे फटी होत्या तिथे लावला. घरात वारा यायचा थांबला, त्याबद्दल टिपणिसांचे त्यांनी आभार मानले.

गाणी अरुंधतीबाई बघत होत्या आणि चित्रं लावून झाली होती, त्यामुळे त्या दोन्हीकडे टिपणिसांना फारसं काम उरलं नाही. काम होतं ते टेपाच्या वाडीत. तिथे काहीच होत नाही याची खात्री करायची होती. प्रयोगशाळेत तुलनेसाठी ठेवलेल्या कोऱ्या बाटलीत धुळीचा कण पडला तरी ती बाटली फेकून द्यावी लागते, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. म्हणून ते दर शनिवारी टेपाच्या वाडीवर जाऊ लागले.

पहिल्या शनिवारी त्यांना कळलं की पेटीचा आवाज ओढ्यापलीकडच्या आंबेवाडीतून इथवर येतो. तीनचार बायका पदर खोचून वाटेला लागलेल्या दिसल्या. टिपणिसांनी हात पसरून त्यांची वाट अडवली.

"तिकडे जाऊ नका."

"का?"

"तिकडे गाणी आहेत."

बायकांना लांबून नुसता आवाज ऐकू आला होता, कसला ते नीट कळलं नव्हतं. आता कळल्यावर त्यांनी घरातल्या म्हाताऱ्यांनाही हाका मारल्या आणि सगळ्या निघाल्या. टिपणिसांनी त्या दिवशीच्या नोंदीत लिहिलं, 'गळती. कारण मी.'

उरलेले शनिवार ते रंभाच्या पडवीत बसून काढत. लसीबद्दल बोलायचं नाही, असा त्यांचा नियम होता, त्यामुळे बाकी सगळ्याबद्दल बोलावं लागे. काकडी कडू का निघते, वाल फडक्यात बांधल्याने खरोखर लवकर मोड येतात का, तळोज्याच्या बाजूने येणाऱ्या वासाने डोकं दुखतं ते कशामुळे. या शेवटच्या प्रश्नावर ते जरा जास्त बोलत, कारण त्यातलं त्यांना खरंच कळत होतं. हळूहळू पोरांची नावं त्यांना पाठ झाली. शेजारची भामा त्यांच्यासाठी घोटीव लाकडाची काठी ठेवू लागली, कारण छत्री टेकून उतरणारा माणूस कधीतरी खाली पोचण्याआधीच खाली पोचेल, अशी वाडीला धास्ती वाटत होती.

रंभाची मुलगी साळू बाळंतपणाला माहेरी आली होती, ती अजून तिथेच होती. बाळ आता चांगलं रांगत होतं. एका शनिवारी तिने विचारलं, "भाऊ, त्या सुईचं काय हाय? ती कवा देत्यात?"

"त्या विषयावर मला बोलता येत नाही," टिपणीस म्हणाले.

"का?"

"तेही सांगता येत नाही."

जो माणूस वालावर तासभर बोलतो, तो सुई म्हटल्यावर तोंड मिटून बसतो, म्हणजे त्यात काहीतरी असलं पाहिजे. बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. टिपणीस मात्र आपण कसोटीला उतरलो अशा समाधानात काठी टेकत उतरले.

घरी जेवताना त्यांनी हा प्रसंग अभिमानाने सांगितला. पद्मजाबाई आमटी वाढत होत्या. त्यांचा हात थांबला.

"तिने स्वतःहून विचारलं आणि तुम्ही सांगितलं नाहीत?"

"सांगितलं असतं तर टेस्ट बिघडली असती."

"आणि तिच्या बाळाला गोवर झाला म्हणजे?"

कारखान्यात एखादा ड्रम चुकून वाया गेला तर कारखान्याचं नुकसान होई. ड्रमला ताप येत नसे. टिपणिसांच्या डोळ्यासमोर साळूचं बाळ आलं. ते गेल्या शनिवारी त्यांच्या बुटाची नाडी चोखत बसलं होतं. त्यांनी ताटातला भात तसाच ठेवला. पद्मजाबाईंनीही आग्रह केला नाही.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. पहिल्या एस.टी.ने टिपणीस निघाले आणि शनिवार नसताना टेपाच्या वाडीवर हजर झाले. साळूला समोर बसवून त्यांनी सगळं सांगितलं. तारीख, शाळा, कोणती लस कशासाठी. टोचल्यावर एखादा दिवस ताप येऊ शकतो, दंड दुखतो, बाळ किरकिर करतं, तेही सांगितलं. काही झाकून ठेवलं नाही.

रंभा दारात उभी राहून ऐकत होती. "काल बोलता येत नव्हतं. आज कसं येतंय?"

"बायकोने परवानगी दिली," टिपणीस म्हणाले.

रंभाने मान हलवली. त्यांनी इतके दिवस सांगितलेल्या गोष्टींपैकी ही एक तिला पूर्णपणे समजली.

त्यानंतर टिपणिसांनी नियम बदलला. आपणहून काही सांगायचं नाही, पण कोणी विचारलं तर खरं ते सगळं सांगायचं. आणि नोंदीत त्यांनी तसं स्पष्ट लिहून ठेवलं, की कोरी बाटली आता कोरी राहिलेली नाही.

लसीकरणाच्या दिवशी शाळेच्या व्हरांड्यात शांती सिस्टर थंड डबा उघडून बसल्या. अरुंधतीबाई विठूला घेऊन आल्या होत्या. पोरांना ओळखीचं वाटावं म्हणून त्यांनी त्याला पेटी सुरू करायला सांगितली. आंबेवाडीच्या चार बायका पोरांना कडेवर घेऊन उतारावरून येत होत्या. पेटीचा पहिला सूर ऐकल्याबरोबर पोरं कडेवरून निसटली आणि आल्या वाटेने रानात पसार झाली. आया पोरांच्या मागे पळाल्या. अरुंधतीबाई त्यांच्यामागे चार पावलं पळाल्या आणि थांबल्या. त्यांना काय झालं ते कळलंच नाही. विठूला कळलं असावं, कारण त्याने भाता बंद करून पेटी सायकलला बांधून टाकली.

खैराच्या वाडीतून एक म्हातारा आला. त्याच्या हातात टिपणिसांचं चित्र होतं. "शिमग्याला लय अवकाश हाय," तो सिस्टरांना म्हणाला. "ही पिचकारी आत्ताच कशाला वाटली?"

टिपणिसांनी चित्र हातात घेतलं आणि बराच वेळ पाहिलं. मग त्यांनाही ती पिचकारीच वाटू लागली.

दुपार व्हायच्या आत टेपाच्या वाडीची वाट भरून आली. पुढे रंभा, तिच्यामागे बाळाला घेऊन साळू, भामा, आणि मागे एकीमागून एक बायका, प्रत्येकीजवळ एकदोन पोरं. एवढी मुलं एका वाडीत आहेत हे सिस्टरांनाही माहीत नव्हतं. लस पुरते की नाही याचीच त्यांना काळजी पडली. रंभा थेट टिपणिसांसमोर येऊन उभी राहिली. "मोजा आता," ती म्हणाली.

मंडळाच्या मीटिंगमध्ये टिपणिसांनी उभं राहून निकाल वाचला. "चित्र साफ फुकट गेलं. ते मी काढलं होतं. त्याने फक्त वारा अडला," त्यांनी सांगितलं. आवाज स्थिर होता. "गाण्याने मुलं आली, पण परत गेली. सर्वांत जास्त मुलं जिथे आपण काहीच करायचं नाही असं ठरवलं होतं तिथून आली."

अरुंधतीबाईंनी या दिवसासाठी बरीच तयारी केली होती. चित्र फसलं म्हणून टिपणिसांना चार शब्द सुनवायचे, असं त्यांच्या मनात होतं. पण माणसाने स्वतःच सगळं कबूल केल्यावर बोलायला जागा उरली नाही. "म्हणजे पुढच्या वर्षी सगळ्या वाड्यांना काहीच द्यायचं नाही?" त्यांनी खरोखरच गोंधळून विचारलं.

"ते मला कळत नाही," टिपणीस म्हणाले. "आपण जाऊन विचारू."

दोघं मिळून टेपाच्या वाडीवर गेले. अरुंधतीबाईंना तिथे सगळे ओळखत होते. गाणं झालं की शेवटच्या एस.टी.साठी धावत उतरणारी बाई म्हणून. पडवीत बसून चहा घ्यायची त्यांची पहिलीच वेळ होती.

"आंबेवाडीला गानी आन् आमाला कायच नाय," रंभा म्हणाली. "मंग त्यांना दावायचंच व्हतं, आमी कोन हाव ते."

"मी साळू गेली म्हनून गेले," भामा म्हणाली.

तिसरी म्हणाली की भाऊ सुईचं नाव काढलं की गप्प बसायचे, त्यामुळे ती चांगलीच असणार. लोक वाईट गोष्ट कधी लपवून ठेवतात का, ती तर गळ्यात मारतात. साळू म्हणाली, भाऊंनी खरं सांगितलं म्हणून. ताप येईल म्हणाले आणि आला, मग उतरलासुद्धा. कोपऱ्यातली एक म्हातारी म्हणाली, "ह्यो मानूस दर शनवारी पडत झडत येतो. येवढा येतो तर आमी येक डाव खाली गेलो, त्यात काय झालं?"

उतरताना अरुंधतीबाई म्हणाल्या, "टिपणीस, तुम्ही येऊन बसत होतात म्हणून आल्या त्या. मी चार वर्षं येतेय, पण बसले नाही कधी."

कोणीही हे ऐकून सुखावलं असतं. टिपणीस भामाच्या काठीने वाट चाचपत म्हणाले, "तसं म्हणता येणार नाही. राग आला म्हणूनही असेल. साळूमुळे असेल. शिवाय तीनच वाड्या होत्या. तीन वाड्यांवरून काही ठरत नसतं."

अरुंधतीबाई वाटेतल्या दगडावर बसल्या आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या. टिपणिसांना त्यात हसण्यासारखं काय ते समजलं नाही. पण बाई बसल्या आहेत तर तेही बसले.

पुढच्या वर्षी बारा वाड्या घेतल्या. कोणाला काहीच नाही, असं चालणार नाही, हे अरुंधतीबाईंनी निक्षून सांगितलं. टिपणिसांनी विचार केला आणि त्यांना ते केवळ दयेपोटी नाही, हिशोबानेही पटलं. गाणी मंडळ आधीपासून करतच होतं. नवं काही त्याच्यापेक्षा बरं आहे का, हाच खरा प्रश्न होता. म्हणून चिठ्ठ्या टाकून सहा वाड्यांना गाणी दिली आणि सहा वाड्यांवर मंडळातल्या कोणी ना कोणी दर आठवड्याला नुसतं जाऊन बसायचं, विचारतील ते खरं सांगायचं, असं ठरलं. अरुंधतीबाईंच्या वाट्याला बसायच्या दोन वाड्या आल्या. न गाता बसणं त्यांना जड गेलं. पहिल्या दिवशी त्यांनी नकळत गुणगुणायला सुरुवात केली आणि समोरचं पोर रडायला लागलं, तेव्हा त्या मुंगीचा उलगडा त्यांना तिथल्या बायकांकडून झाला. त्यांनी ती ओळ त्याच आठवड्यात बदलली.

निकाल एकदम झगझगीत लागला नाही. बसायच्या वाड्यांमधून गाण्याच्या वाड्यांपेक्षा जवळजवळ दुप्पट मुलं आली. पण बसायची एक वाडी आधीच भट्टीवर निघून गेली होती, तिथून कोणीच आलं नाही. आणि गाण्याच्या एका वाडीतून पुष्कळ मुलं आली, ती का आली ते शेवटपर्यंत समजलं नाही. त्या वाडीबद्दल टिपणीस पुढे कितीतरी दिवस पद्मजाबाईंशी बोलत राहिले. मंडळाने मात्र तेव्हापासून वाड्यांवर जाऊन बसायचं कायम केलं. शांती सिस्टरांनीही महिन्यातले दोन दिवस त्यासाठी काढले. गाणी राहिली ती सणावाराला. चित्रांचे उरलेले कागद पद्मजाबाईंनी फडताळात डब्यांखाली घातले.

त्या दुसऱ्या वर्षीच्या लसीकरणालाही टेपाची वाडी खाली उतरली होती. गर्दी इतकी होती की सिस्टरांना मदतीला माणसं कमी पडत होती. भामाची सून बाळाला घेऊन पुढे आली, पण सुई बघितल्यावर तिचा धीर सुटला. भामाने नातवाला उचललं आणि सरळ टिपणिसांच्या मांडीवर ठेवलं. "भाऊ धरतील," ती म्हणाली.

टिपणिसांनी बाळाला दोन्ही हातांनी नीट धरलं. दोन वर्षं ते सुईबद्दल बोलत होते, तिच्यावर टेस्ट करत होते, तिचं चित्र काढत होते. पण सुई प्रत्यक्ष आत जाताना त्यांनी आजवर कधी पाहिलं नव्हतं. कारखान्यातल्या तपासणीत रक्त काढायची वेळ आली की ते खिडकीबाहेर बघत. आज बघितलं. बाळ एकदा ट्यां करून गप्प झालं आणि सिस्टरांच्या नाकाकडे बघायला लागलं. टिपणिसांना व्हरांड्याचे खांब हळूहळू डावीकडे सरकताना दिसले.

रंभाने वेळेवर बाळ काढून घेतलं. टिपणीस डोळे उघडून बघतात तो ते भिंतीला टेकून बसलेले, कपाळावर ओला पदर, आणि समोर वाडीतल्या सगळ्या बायका आणि टोचून झालेली सगळी पोरं गोल करून उभी. पोरांपैकी आता एकही रडत नव्हतं.

"बाळ कसं आहे?" त्यांनी विचारलं.

"बाळाला काय धाड भरलीया," रंभा म्हणाली आणि पाण्याचा तांब्या त्यांच्या तोंडाला लावला. "तुमी उठू नका येवढ्यात. बसा."